आत घेतलेला होकार

सुजाण वाचकहो, प्रस्तुत कथेत नागपूरची एक कन्या आणि नॉर्वे देशातील एक नट यांची हकीकत यथामती निवेदन करण्याचे योजिले आहे. या हकीकतीत तलवार नाही, विष नाही आणि खलपुरुष तर मुळीच नाही. आहे तो केवळ एक श्वास. तो कोणी घेतला, कशासाठी घेतला आणि जिच्यासमोर घेतला तिने त्याचा कसा विपरीत अर्थ लावला, हे क्रमाक्रमाने सांगितले जाईल. वाचकांनी शांत चित्ताने वाचावे, इतकीच प्रार्थना.

न्यू जर्सी राज्यातील पार्सिपनी या गावी आश्लेषा वैरागडे नावाची तरुणी एका संगणक कंपनीत नोकरीस होती. दिवस कामात जाई, परंतु तिचे मन रमे ते तेथील महाराष्ट्र मंडळाच्या नाटकांत. तिने स्वतः कधी रंगमंचावर पाऊल ठेवले नव्हते. विंगेत बसून, हाती संहिता धरून, अडलेल्या नटाला पुढचा शब्द हळूच पुरविणे हे तिचे काम. प्रॉम्प्टर म्हणून तिची अशी ख्याती होती की, तिच्या भरवशावर मंडळातील कित्येकांनी पाठांतर करणेच सोडून दिले होते.

त्या वर्षीच्या दिवाळीसाठी मंडळाची नाटके बसविणाऱ्या यतीनकाकांनी स्वतः दोन अंकी नाटक लिहिले. मुलगी बघायला नाशिकहून आलेला एक तरुण बर्फाच्या वादळामुळे मुलीच्याच घरी अडकतो, अशी त्याची कथा होती. तालमी रंगात आल्या आणि नायकाचे काम करणाऱ्या कुश नावाच्या तरुणाला त्याच्या कंपनीने अकस्मात दूर जॉर्जिया राज्यात अल्फारेट्याला धाडले. यतीनकाकांनी कपाळाला हात लावला व आश्लेषेला फर्मावले की, काहीही कर, पण हिरो आण. उंच हवा आणि पाठांतर हवे, बाकीचे मेकअप बघून घेईल.

अशा चिंतेत असता, शेजारच्या मॉरिसटाउन गावातील एका छोट्या नाट्यगृहात ती दिवे भाड्याने मिळतात का ते विचारावयास गेली. दाराशी फलकावर नटांची नावे लाविली होती. अमेरिकन रिवाजाप्रमाणे आडनाव आधी व नाव नंतर. त्यांतील एका ओळीवर तिची दृष्टी खिळली. मो, सिंद्रे. मधला स्वल्पविराम तिच्या ध्यानातच आला नाही. तिने जागच्या जागी यतीनकाकांना फोन लावला.

"काका, इथे आपला एक माणूस आहे. प्रोफेशनल. मो शिंद्रे."

"म्हणजे मोरेश्वर," काका क्षणाचाही विलंब न लावता म्हणाले. "ट्रेंटनला माझा वर्गमित्र आहे मोरेश्वर, त्यालाही ऑफिसात सगळे मोच म्हणतात. शिंद्रे म्हणजे साताऱ्याकडचे असणार. सोडू नकोस त्याला."

आश्लेषा मागच्या दाराशी जाऊन उभी राहिली. पानगळीचा पाऊस पडत होता. लाल-पिवळी पाने ओल्या फरशीला चिकटली होती आणि तिच्या छत्रीच्या एका काडीने केव्हाच राजीनामा दिला होता. इतक्यात दार उघडले आणि एक उंच, गोरा, सोनेरी केसांचा पुरुष बाहेर आला. त्याच्या कॉलरवर रक्ताचे डाग होते... पण मुद्रा अशी निर्मळ की, जणू आत्ताच दूध पिऊन उठला आहे.

तिने त्यास इंग्रजीत विचारले (यापुढील त्यांची बरीच संभाषणे इंग्रजीतच झाली, ती मराठीत देतो) की, आत मोरेश्वर शिंद्रे आहेत का?

तो थबकला. "मोरेश्वर कोण ते ठाऊक नाही. पण सिंद्रे मो मीच."

"थट्टा करू नका. मी पावसात उभी आहे."

"मीही उभा आहे," तो म्हणाला आणि तिच्या छत्रीची लोंबती बाजू त्याने दोन बोटांनी वर उचलून धरली. "आणि आजचे दोन खून आटोपून दमलोय. थट्टा कुठून सुचणार?"

तेव्हा तिने फलक दाखविला, त्याने स्वल्पविराम दाखविला, आणि आश्लेषेच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. माफी मागून ती वळणार, तोच त्याने मागून विचारले, "मोरेश्वरला कोणतं काम होतं?"

"होणाऱ्या जावयाचं."

"तो कोणाला मारतो?"

"कोणालाच नाही. दोन अंक नुसता लाजतो."

तो क्षणभर पावसाकडे पाहत राहिला. मग म्हणाला, "तालीम कधी असते?"

अशा रीतीने मोरेश्वरच्या जागी सिंद्रे आला. यतीनकाकांनी त्याला दारात पाहिले, चष्मा पुसला, पुन्हा पाहिले, आणि चहा टाकायला सांगितले. नाटकात काही बदल करावा का, या प्रश्नावर त्यांनी ठाम नकार दिला. तो नाशिकचाच राहील, ते म्हणाले. नाशिकला थंडी असते, लोक समजून घेतील.

त्यांच्या तळघरात तालमी चालत. एका कोपऱ्यात गणपतीचे मखर, दुसऱ्यात धूळ खात पडलेली व्यायामाची सायकल, आणि सर्वत्र ताज्या चिवड्याचा दरवळ. नायिकेच्या भूमिकेत इला होती. तिचा जन्म याच गावचा, कॉलेजात शिकणारी गोड मुलगी. मराठी तिला समजे, पण 'ळ' हे अक्षर तिच्या जिभेला जन्मात वळले नव्हते. ती आपली "तुमचे डोले इतके काले कसे?" असे विचारी आणि काका डोके धरून बसत.

सिंद्रेची पाळी आली. कागदावर रोमन अक्षरांत लिहिलेले वाक्य त्याने बाजूला ठेवले, आश्लेषेला ते एकदा म्हणून दाखवायला सांगितले, डोळे मिटून ऐकले, आणि म्हणाला, "काळजी नसावी, काकू. वेळ टळली, तरी योग जुळले आहेत."

प्रत्येक 'ळ' जागच्या जागी, गोल आणि पिकलेला.

"धिस इज सो नॉट फेअर, काका," इला म्हणाली.

पुढे त्याने सांगितले की, ट्रॉन्डहाइम शहरापासून आत डोंगरांत त्याचे खेडे आहे. तेथल्या बोलीत असाच एक जाड 'ल' असतो. नाट्यशिक्षण घेताना एका शिक्षकाने त्याला बजावले होते की, हा खेडवळ उच्चार टाक, नाहीतर तुला राजपुत्राची कामे मिळणार नाहीत. त्याने तो टाकला. राजपुत्राची कामे तरीही मिळाली नाहीत.

"आणि आता बघ," तो आश्लेषेकडे पाहून म्हणाला, "इतक्या वर्षांनी मला माझा ल परत मिळाला, तोही पार्सिपनीत."

त्या दिवशी संहितेची पाने आश्लेषेने दोनदा उलटी लाविली.

सिंद्रेला गाडी नव्हती. तालमीनंतर त्याला मॉरिसटाउनला सोडण्याचे काम आश्लेषेकडे आले. कोणी नेमले नव्हते, तिनेच ते आपसूक घेतले. त्या प्रवासात त्याचा सारा जीवनक्रम तिला कळला. गावच्या जत्रेत बोकडाचे सोंग घेऊन त्याने प्रथम टाळ्या घेतल्या होत्या. मग ट्रॉन्डहाइमच्या रंगभूमीवर अनेक हिवाळे त्याने दुसऱ्या-तिसऱ्या फळीची कामे केली. कधी निरोप आणणारा, कधी दिवा धरणारा. पुढे तिकडच्या दूरचित्रवाणीवरील एका मालिकेत मच्छीमाराची भूमिका मिळाली आणि त्याचा चेहरा घरोघरी पोचला. तो चेहरा अमेरिकेतील एका निर्मात्याने पाहिला व त्याला हा थंड डोळ्यांचा मारेकरी वाटला. तेव्हापासून सिंद्रे या देशात चित्रपटांतून व नाटकांतून केवळ माणसे मारीत आला होता.

"तुझे डोळे थंड नाहीत," आश्लेषा रस्त्यावरची दृष्टी न हटविता म्हणाली.

"मग कसे आहेत?"

"सिग्नल हिरवा झाला," ती म्हणाली.

वाक्ये पाठ करण्यासाठी ती आपल्या आवाजात ध्वनिमुद्रण करून त्याला पाठवी. एकदा मुद्रण चालू असता खिडकीबाहेर खारीची गंमत दिसून ती वाक्याच्या मध्येच हसली होती. पुढच्या तालमीत सिंद्रेने ते वाक्य म्हटले, आणि बरोबर त्याच ठिकाणी, त्याच लयीत, तसाच हसला. काकांनी विचारले, हे हसू कुठून आणले? तो गंभीरपणे उत्तरला की, संहितेतच आहे. आश्लेषेने पुस्तकात तोंड लपविले. प्रॉम्प्टरने असे करू नये, हे तिला पक्के ठाऊक होते...

याच सुमारास ट्रॉन्डहाइमच्या नाट्यगृहाकडून सिंद्रेला बोलावणे आले. दोन वर्षांचा करार आणि प्रथमच मुख्य भूमिका. शिवाय, ती त्याने स्वतःच्या बोलीतच करावी, अशी दिग्दर्शकाची इच्छा होती. उत्तर महिनाअखेरीस द्यावयाचे होते. ही बातमी त्याने गाडीतच सांगितली. आश्लेषेने अभिनंदन केले. वायपर इकडून तिकडे, तिकडून इकडे फिरत राहिले आणि काचेला चिकटलेले एक मेपलचे पान त्यांच्याबरोबर हेलपाटे घालू लागले.

त्याच्या घरासमोर गाडी थांबली. तो उतरला नाही. तिनेही इंजिन बंद केले नाही.

"आणि समजा," ती हसत म्हणाली, ते हसू तिने मोठ्या कष्टाने ओठांवर बसविले होते, "समजा, इथे कुणी विचारलं... राहशील का म्हणून... तर राहशील?"

सिंद्रेने तिच्याकडे वळून पाहिले आणि एकदम, तोंडाने, जोरात श्वास आत ओढला. तापलेल्या तव्याला बोट लागावे, तसा. त्यानंतर एक अक्षर नाही.

किती भ्याला हा, आश्लेषेला वाटले. आपण काय विचारून बसलो? "अरे, जोक होता तो," ती घाईघाईने म्हणाली. "इतकं सीरियस काय घेतोस? उद्या कॉश्च्यूम घेऊन ये, विसरू नकोस."

त्याच्या मुद्रेवरचा प्रकाश मावळला. "जोक," तो सावकाश म्हणाला. मग दार उघडून तो पावसात उतरला आणि छत्री गाडीतच विसरला.

दिवाळीचा प्रयोग अपूर्व झाला. लोकांनी नाशिकचा हा जावई डोक्यावर घेतला. मोरपंखी शेल्यात तो असा काही लाजला की, पुढच्या रांगेतल्या काकूंनी पदराने डोळे टिपले. विंगेत आश्लेषा संहिता उघडून बसली होती, पण त्याला एकही शब्द पुरवावा लागला नाही. हसण्याच्या जागी मात्र तो हसला नाही. तिथे नुसताच थांबला, आणि पुढे गेला. सभागृहात ते कोणालाही कळले नाही. एकीलाच कळले.

फराळाच्या वेळी चकली मोडता मोडता यतीनकाका तिला म्हणाले की, सिंद्रेने करारावर सही केली आहे, येत्या आठवड्यात विमान. आश्लेषा हसून म्हणाली, छान झालं. मग हात धुवायला गेली आणि नळ बराच वेळ चालू राहिला.

काकांनी तिची अवस्था ओळखली असावी. निघताना त्यांनी तिच्या हातात चिवड्याचा डबा देत सहज म्हटल्यासारखे म्हटले, "तू दुसऱ्यांना बरोबर वेळी शब्द देतेस गं. स्वतःच्या वेळी काय होतं तुझं?"

"मी दिला होता, काका. समोरच्याने घेतला नाही."

रविवारी सकाळी ती एकटीच घरी होती. माणसाला निरोप देता येत नसेल, तर निदान त्याच्या चित्राला द्यावा, असा विचार करून तिने सिंद्रेची ती जुनी मच्छीमाराची मालिका लावली. भाषा कळेना, खाली इंग्रजी अक्षरे उमटत होती. धूसर समुद्र, लाकडी घर, आणि टेबलाशी बसलेला तरुण सिंद्रे. समोर त्याची म्हातारी आई. आई विचारते, बोट विकलीस का? सिंद्रे खिडकीकडे पाहतो आणि तोंडाने जोरात श्वास आत ओढतो. त्यानंतर एक अक्षर नाही.

परंतु खाली अक्षरे उमटली. *हो.*

आश्लेषेच्या हातातला चहा तसाच राहिला. तिने दृश्य मागे नेले. पुन्हा तोच श्वास, पुन्हा तेच अक्षर. ती पुढे पाहत गेली. दुकानातल्या बाईला कोणी विचारले, पाव उरलाय का? बाईने श्वास आत ओढला. हो. पाद्र्याला विचारले, उद्या प्रार्थना आहे ना? पाद्र्याने श्वास आत ओढला. हो. त्या गावात कोणी दचकत नव्हते, कोणी भीत नव्हते; तेथील माणसे होकार बाहेर न टाकता आत घेत होती, इतकेच.

"अरे बाप्पा," आश्लेषा भिंतीला म्हणाली, "हो म्हणाला होता तो."

आणि आपण त्यावर काय म्हटले, हे आठवून तिला उभे राहवेना आणि बसवेना. पायांत घरातल्याच चपला, अंगावर जुना स्वेटर, तशीच ती गाडीत बसली.

सिंद्रे घरी नव्हता. घरमालकिणीने सांगितले की, बॅग भरण्यापूर्वी कपडे धुवायला कोपऱ्यावरच्या लाँड्रीत गेला आहे. लाँड्रीत साबणाचा उबदार वास कोंदला होता. रांगेने मांडलेल्या, कपडे सुकविणाऱ्या यंत्रांच्या गोल काचांमागे लोकांचे शर्ट गिरक्या घेत होते. अगदी शेवटच्या यंत्रासमोर तो बाकावर बसला होता. तिला पाहून तो उठला, पण हसावे की नाही, हे त्याला ठरविता येईना.

"त्या दिवशी गाडीत," ती धापा टाकीत म्हणाली, "मी विचारलं, तेव्हा तू काय उत्तर दिलंस?"

"हो म्हणालो."

"ते हो नव्हतं रे. आमच्याकडे पाय विंचवावर पडला की माणूस असा आवाज काढतो."

तो तिच्याकडे पाहतच राहिला. मग त्याला हळूहळू सारे उमगले. "म्हणून जोक?"

"म्हणून जोक."

"मला वाटलं, मी हो म्हटलं म्हणून तू घाबरलीस," तो म्हणाला. दोघांच्या मूर्खपणाचे वजन सारखेच भरले, तेव्हा प्रथम तिला हसू फुटले आणि मग त्याला. हसता हसता तिच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागले, तेव्हा मात्र तो गंभीर झाला.

"मी त्यांना फोन करतो," तो म्हणाला. "सही मोडतो. राहतो."

हेच ऐकण्यासाठी तिने इतके दिवस काढले होते. वाचकहो, मनुष्याला हवी ती गोष्ट हाती आली, म्हणजे त्याची खरी परीक्षा सुरू होते. इथे राहिला तर हा पुन्हा कॉलरवर रक्त लावून कोणाचे तरी गळे दाबणार. तिकडे गेला तर ज्या 'ल'ला आयुष्यभर लपविले, तो घेऊन भर रंगमंचावर दिव्यांच्या मध्यभागी उभा राहणार. आश्लेषेने डोळे पुसले.

"राहशील का, असं मी विचारलं होतं," ती म्हणाली. "राहा, असं नव्हतं म्हटलं. मला उत्तर हवं होतं, सिंद्रे. ते मिळालं. आता तू जा."

"आणि तू?"

"पहिल्या प्रयोगाला येईन. माझ्या व्हिसाच्या शिक्क्याची मुदत संपलीय. देशाबाहेर पडले, तर परत यायला अमेरिकन कॉन्सुलेटच्या दारात उभं राहावं लागेल. राहीन उभी. एकदा पावसात उभी राहिलेच होते की." ती थांबली. "तिथे प्रॉम्प्टर असतो का?"

"असतो. पगारी."

"मग तिला सांग, मी येईन त्या दिवशी सुट्टी घे."

यंत्र थांबले. त्याने दार उघडून पांढरी चादर बाहेर काढली. ऊन खाल्ल्यासारखी ती कढत होती. चादर एकट्याने घडी करण्याजोगी नव्हती. तिने न विचारता दोन टोके धरली, त्याने दोन. क्षणभर ते शुभ्र वस्त्र दोघांच्या मध्ये अंतरपाटासारखे ताणलेले राहिले. पलीकडून तिला त्याचे केस आणि डोळे तेवढे दिसत होते.

त्याने घसा साफ केला आणि मराठीत, कोणीही लिहून न दिलेले असे आपले पहिले वाक्य तो म्हणाला, "आश्लेषा... मला तू फार आवडतोस."

इतके दिवस नाशिकच्या जावयाचीच वाक्ये घोकल्यामुळे त्याच्या मराठीत सारे जग पुल्लिंगी होते.

"आवडतेस," ती चादरीआडून हळूच म्हणाली.

"आवडतेस," तो म्हणाला.

मग त्यांनी चादरीची घडी घातली. एकेक पाऊल पुढे, टोकाला टोक. पुन्हा एक पाऊल, टोकाला टोक. दर घडीला मधले अंतर निम्मे होत गेले. शेवटच्या घडीला चारही हात एकाच जागी आले, आणि तेथून ते दोघांपैकी कोणीही काढून घेतले नाहीत. शेजारच्या यंत्रापाशी मोजे जुळवीत बसलेल्या एका वृद्ध बाईने आपली पाठ हेतुपुरस्सर त्यांच्याकडे फिरवली आणि मोजे जुळविणे चालू ठेवले.

विमान ठरल्या दिवशी उडाले.

येथवर ज्यांनी सोबत केली, त्या सर्व वाचकांचा मी मनःपूर्वक ऋणी आहे. लेखनात काही उणे राहिले असल्यास ते माझे समजावे, आणि गोड वाटले असल्यास त्या दोघांचे. आपणा सर्वांस आयुष्यात योग्य वेळी योग्य होकार मिळो व तो ओळखता येवो, ही सदिच्छा व्यक्त करून रजा घेतो.

आपला नम्र,
तुळशीदास भिकाजी नेवरेकर